अदेय हक्क : एका इंग्रजी विशेषणाचा इतिहास

संस्कृत वैयाकरणांनीं नञ् या एवढ्याशा निपाताला सहा अर्थ दिले आहेत. सादृश्य, अभाव, अन्यत्व, अल्पत्व, अप्राशस्त्य आणि विरोध हे ते सहा अर्थ होत. ‘अनुदरा’ म्हणजे जिला पोटच नाहीं अशी स्त्री नव्हे, तर जिची कंबर बारीक आहे अशी. आणि ‘अधर्म’ म्हणजे धर्माचा नुसता अभाव नव्हे, तर धर्माचा प्रत्यक्ष शत्रु. नकार हा दिसतो तितका सरळ नसतो, ही गोष्ट आपल्या शास्त्रकारांना पुरती ठाऊक होती. इंग्रजी भाषेंतील अशाच एका नकारात्मक विशेषणाचा इतिहास प्रस्तुत लेखांत सांगण्याचा आमचा विचार आहे. हें विशेषण म्हणजे ‘अनेलिएनेबल’. नित्याच्या इंग्रजी बोलण्यांत तें फारसें आढळत नाहीं, आणि जेथें त्याचें काम पडतें तेथें ‘इनेलिएनेबल’ हें त्याचें भावंड बहुधा पुढें होतें. तथापि अमेरिकेच्या १७७६ सालच्या स्वातंत्र्याच्या जाहीरनाम्यांत जें सर्वांत प्रसिद्ध वाक्य आहे त्यांत हाच शब्द बसलेला आहे. आणि लक्षावधि माणसें हीं माणसें कीं माल, हा वाद पुढें जवळजवळ नव्वद वर्षें ज्या शब्दांभोंवतीं घोटाळत राहिला त्यांपैकीं हा एक आहे.

हा जाहीरनामा वर्गांत शिकवितांना या विशेषणाचा अर्थ विचारला असतां ‘जो कोणालाहि हिरावून घेतां येणार नाहीं असा’ असें उत्तर बहुधा मिळतें. तें अगदींच चूक आहे असें नाहीं, पण तें अपुरें आहे, आणि त्याचें अपुरेपण महत्त्वाच्या जागीं आहे. शब्दाचा मूळ अर्थ ‘ज्याचा त्यालाहि दुसऱ्यास देऊन टाकतां येणार नाहीं असा’ हा होय. हिरावून घेणारा बाहेरचा असतो. देऊन टाकणारा खुद्द धनीच असतो. पहिल्या अर्थानें बंधन चोरावर पडतें, दुसऱ्या अर्थानें तें मालकावरहि पडतें. हा भेद कोशांतील काथ्याकूट नाहीं, हें पुढील हकीकतीवरून वाचकांच्या लक्षांत येईल.

शब्दाचें कुळ प्रथम पाहूं. लॅटिन भाषेंत ‘आलिउस’ म्हणजे अन्य. त्यावरून ‘आलिएनुस’ म्हणजे परक्याचा, आणि ‘आलिएनारे’ म्हणजे परक्याचें करणें, अर्थात् विक्रीनें, दानानें किंवा अन्य मार्गानें आपली वस्तु दुसऱ्याच्या मालकीची करणें. हा शब्द जन्मला तो दाव्याच्या आणि दस्तऐवजाच्या वातावरणांत. रोममध्यें ऑगस्टसच्या काळीं झालेल्या एका कायद्यानें पत्नीच्या आंदणांतील इटलींतील जमीन पतीनें तिच्या संमतीवांचून विकूं नये असा निर्बंध घातला. जमीन कायद्यानें पतीच्या नांवावर, पण ती परक्याची करण्याची त्याला मुभा नाहीं! मालकी आहे पण विकण्याचा अधिकार नाहीं, ही विलक्षण कल्पना अशी जुनी आहे. इंग्लंडांत पहिल्या एडवर्डच्या कारकीर्दींत, १२८५ सालीं, वंशबद्ध जमिनीचा कायदा झाला. ‘अमक्याला व त्याच्या औरस वंशाला’ अशा शब्दांनीं दिलेली जमीन त्या अमक्यानें विकून वारसांना नागवूं नये, हा त्याचा हेतु. पुढें पांचच वर्षांनीं, १२९० सालीं, दुसरा कायदा होऊन इतर स्वतंत्र कुळांस आपली जमीन धन्याच्या परवानगीवांचून विकण्याची मोकळीक मिळाली. एका कायद्यानें दार लावलें, दुसऱ्यानें उघडलें. आणि कोणती मिळकत ‘एलिएनेबल’ व कोणती नव्हे, हा इंग्रज वकिलांचा नित्याचा प्रश्न होऊन बसला.

हाच शब्द इंग्रज अंमलदारांबरोबर आमच्याकडेहि आला. इनामी जमिनीला मुंबई इलाख्याच्या दप्तरांत ‘एलिएनेटेड’ जमीन म्हणत, कारण तिच्या साऱ्यावरील सरकारचा हक्क सर्वस्वीं किंवा अंशतः दुसऱ्याच्या पदरीं गेलेला असे; १८७९ च्या जमीन महसुलाच्या कायद्यांत या शब्दाची व्याख्याच दिली आहे. पुण्याचें पेशवे दफ्तर ज्या कचेरींत ठेवलेलें होतें तिला इतिहाससंशोधकांच्या कित्येक पिढ्या ‘एलिएनेशन ऑफिस’ म्हणत आल्या, तें याच कारणास्तव. रा. ब. सरदेसायांनीं १९३३ सालीं त्या दफ्तराची जी इंग्रजी मार्गदर्शिका तयार केली तिच्या नांवांतहि हा शब्द आहे. १८७४ च्या वतन कायद्यानें वतनदारानें आपलें वतन सरकारच्या मंजुरीवांचून त्या वतनाबाहेरील माणसास देऊं नये असें ठरविलें, तेंहि याच कुळांतील बंधन. तात्पर्य, मालमत्ता ‘परक्याची करणें’ ही कल्पना मराठी वाचकाला परकी नाहीं.

आतां नकाराकडे वळूं. इंग्रजींत नकार दाखविणारे दोन उपसर्ग दोन वाटांनीं आले. ‘अन्’ हा त्या भाषेच्या जर्मानिक पूर्वजांचा वारसा. ‘इन्’ हा लॅटिन व फ्रेंच विद्येचा आहेर. मुळांत दोघे एकाच घराण्यांतले. ग्रीक ‘अ’ व ‘अन्’ आणि आपला संस्कृत ‘अ’ व ‘अन्’ हेहि त्याच मूळपुरुषाचे वंशज. हजारों वर्षांनीं इंग्रजींत या चुलतभावांची गांठ पडली, पण त्यांची वांटणी मात्र कधींच नीट झाली नाहीं. अन्यायी या अर्थाचें विशेषण ‘अन्जस्ट’, पण भाववाचक नाम ‘इन्जस्टिस’. विषम या अर्थीं ‘अनीक्वल’, पण विषमतेला ‘इनीक्वॉलिटी’. अठराव्या शतकांत तर बऱ्याच लॅटिन धातूंना दोन्हीं उपसर्ग सारखेच लागत. ‘अनेलिएनेबल’ व ‘इनेलिएनेबल’ यांत अर्थाचा भेद आहे असें प्रतिपादणारे लोक अधूनमधून निघतात. एकांत संमतीनें हक्क सोडतां येतो व दुसऱ्यांत येत नाहीं, असें कांहीं तरी ते सांगतात. त्या काळच्या लेखनांत अशा भेदाला आधार नाहीं. पेन्सिल्व्हेनियाच्या १७७६ च्या घटनेंत पहिल्या कलमांत ‘इन्’चें रूप आहे व लगेच दुसऱ्यांत, उपासनेच्या स्वातंत्र्यासंबंधीं, ‘अन्’चें. एकाच लेखांत, एकाच विषयावर, दोन ओळींच्या अंतरानें दोन्हीं रूपें येतात, तेव्हां तो लहरीचा प्रश्न समजावा, तत्त्वाचा नव्हे.

जाहीरनाम्यांत मात्र या लहरीचा एक छोटासा गमतीचा इतिहास आहे. १७७६ च्या जून महिन्यांत काँग्रेसनें मसुद्यासाठीं पांच जणांची समिति नेमली. लेखणी जेफर्सनच्या हातीं आली. त्याच्या कच्च्या मसुद्यांत मानवी हक्कांना ‘अंगभूत व इनेलिएनेबल’ अशीं दोन विशेषणें होतीं. काँग्रेसनें ‘अंगभूत’ काढून त्याजागीं ‘कांहीं’ हा शब्द घातला. दुसऱ्या विशेषणाचा उपसर्ग बदलावा असा ठराव झाल्याचा कोठेंहि पुरावा नाहीं. पण ४ जुलैच्या रात्रीं डनलॅपच्या छापखान्यांत जीं पत्रकें छापलीं गेलीं त्यांत, काँग्रेसच्या कामकाजाच्या नोंदींत, आणि ज्यावर २ ऑगस्टपासून सह्या झाल्या त्या चर्मपत्रावर, सर्वत्र ‘अनेलिएनेबल’ असेंच आहे. जेफर्सनच्या हातच्या प्रतींत ‘इन्’, तर जॉन अॅडम्सनें स्वतःसाठीं उतरून घेतलेल्या प्रतींत ‘अन्’. अॅडम्स हा छपाईवर देखरेख करणाऱ्या समितींत होता; म्हणून बदल त्याच्या सूचनेनें झाला असावा असा तर्क कार्ल बेकर या इतिहासकारानें १९२२ सालच्या आपल्या ग्रंथांत केला आहे. तर्क संभवनीय आहे. गंमत पुढें आहे. १९४३ सालीं वॉशिंग्टनमध्यें जेफर्सनचें जें स्मारक उघडलें गेलें त्याच्या भिंतीवर हें वाक्य ‘इन्’च्या रूपानें कोरलेलें आहे. राष्ट्राच्या मूळ चर्मपत्रावर एक रूप, कर्त्याच्या स्मारकावर दुसरें!

जमिनीचा हा शब्द मनुष्याच्या हक्कांना कसा चिकटला? सतराव्या शतकांतील युरोपांत राजसत्तेचें समर्थन पुष्कळदां करारावर उभारलेलें असे. ग्रोशियसनें १६२५ च्या आपल्या ग्रंथांत असा युक्तिवाद केला कीं, ज्या अर्थीं एखादा मनुष्य स्वतःला गुलाम म्हणून दुसऱ्याच्या स्वाधीन करूं शकतो, त्या अर्थीं एखादें सबंध राष्ट्रहि आपलें स्वातंत्र्य राजाला देऊन टाकूं शकेल. या युक्तिवादांत राजा कांहीं हिरावून घेत नाहीं. प्रजाच देते, आणि एकदां दिलेलें परत मागतां येत नाहीं. अशा पंडिताला ‘हक्क हिरावूं नका’ असें उत्तर देऊन भागत नाहीं. त्याला सांगावें लागतें कीं, ‘हा हक्क देण्याजोगाच नव्हता, सबब तुम्ही म्हणतां तें दान मुळांतच रद्द आहे.’ लॉकनें १६८९ च्या अखेरीस प्रसिद्ध झालेल्या ग्रंथांत नेमकें हेंच म्हटलें: मनुष्याला स्वतःच्या प्राणावरच सर्वस्वीं सत्ता नाहीं, तेव्हां करारानें तो स्वतःला गुलाम करूं शकत नाहीं; जें आपल्यापाशीं नाहीं तें दुसऱ्याला देतां येत नाहीं.

पण हक्कांची ‘एलिएनेबल’ व ‘अनेलिएनेबल’ अशी स्पष्ट विभागणी करण्याचें श्रेय फ्रान्सिस हचिसन याच्याकडे जातें. हा मूळचा आयर्लंडचा, पुढें ग्लासगोस नीतिशास्त्राचा अध्यापक. १७२५ सालच्या ग्रंथांत त्यानें दोन कसोट्या सांगितल्या. पहिली, तो हक्क दुसऱ्यास देणें आपल्या निसर्गसिद्ध शक्तींत आहे काय? दुसरी, तसा तो दिल्यानें कांहीं सत्कार्य साधेल काय? धनधान्य आणि श्रम या दोन्हीं कसोट्यांना उतरतात, म्हणून ते देतां येतात. धर्मविषयक श्रद्धा पहिल्याच कसोटीला उतरत नाहीं. कारण दुसऱ्याच्या हुकुमानें विश्वास ठेवणें कोणालाच शक्य नाहीं. प्राण उधळण्याचा हक्क दुसऱ्याला देणें शक्य असेल, पण त्यांतून कांहीं भलें होत नाहीं. म्हणून हीं दोन्हीं अदेय.

या दोन कसोट्या वाचतांना पाणिनीची आठवण होते. ‘य’, ‘तव्य’, ‘अनीय’ या कृत्य प्रत्ययांचे निरनिराळे अर्थ सांगतांना त्यानें शक्यता व योग्यता असे दोन्हीं अर्थ दिले आहेत. ‘वाह्य’ म्हणजे वाहतां येण्यासारखा. ‘पूज्य’ म्हणजे पूजेला पात्र. इंग्रजी ‘एबल’ प्रत्ययाचीहि हीच स्थिति आहे. मग ‘अनेलिएनेबल’ म्हणजे काय: देतां येतच नाहीं असा, कीं देणें योग्य नाहीं असा? नञ्‌च्या पोटांत सहा अर्थ. त्यांत प्रत्ययाचे हे दोन. जाहीरनाम्याच्या टीकाकारांनीं नेमकें हेंच मर्म पकडलें.

जाहीरनामा लंडनला पोहोंचल्यावर त्याच वर्षीं जॉन लिंड यानें त्याला उत्तर छापलें. त्यांत तरुण जेरेमी बेंथमचाहि हात होता. प्राण व स्वातंत्र्य हे हक्क जर अदेय, तर चोराला तुरुंगांत टाकणारें व खुन्याला फांसावर देणारें प्रत्येक सरकारच अन्यायी ठरलें, मग राज्य चालावें कसें, अशी त्याची विचारणा होती. विचारणा तर्कशुद्ध आहे, पण ती शब्दाचा एकच अर्थ धरते. प्राण घेतां येतो, हें कोणास ठाऊक नाहीं? प्रश्न एवढाच कीं, घेणाऱ्याला अधिकार मिळाला कोठून. दुसरें उत्तर अधिक बोंचरें होतें. मॅसॅच्युसेट्सचा पूर्वीचा गव्हर्नर टॉमस हचिन्सन, जो तेव्हां लंडनला आश्रय घेऊन होता, त्यानें विचारलें कीं, स्वातंत्र्याचा हक्क जर इतका अदेय आहे, तर मेरीलंड, व्हर्जिनिया व कॅरोलिना येथील प्रतिनिधि लाखाहून अधिक आफ्रिकन लोकांना त्यापासून वंचित कसे ठेवतात? हचिन्सन हा राजपक्षाचा मनुष्य, त्याचा हेतु शुद्ध होता असें नाहीं. पण प्रश्न शुद्ध होता, आणि त्याला उत्तर देण्यास फिलाडेल्फियांत कोणी तयार नव्हतें. त्या वेळीं या वसाहतींच्या लोकसंख्येपैकीं सुमारें एक पंचमांश लोक गुलामगिरींत होते. जेफर्सननें मसुद्यांत गुलामांच्या व्यापाराचा निषेध करणारा एक परिच्छेद घातला होता. तोहि काँग्रेसनें गाळून टाकला.

याच वर्षाच्या ऑक्टोबरांत जेफर्सननें व्हर्जिनियाच्या कायदेमंडळांत एक विधेयक आणलें. वंशबद्ध मिळकतीची जी पद्धति इंग्लंडांत १२८५ पासून चालत आली होती ती व्हर्जिनियांतून काढून टाकावी, हा त्याचा उद्देश. बड्या जमीनदार घराण्यांचें वर्चस्व मोडावें, हा त्यामागील विचार निःसंशय लोकशाहीचा होता. विधेयक मंजूर झालें. पण त्याच्या नांवांत ‘जमिनी’ या शब्दाला जोडून ‘गुलाम’ हा शब्द आहे. कारण १७२७ च्या कायद्यानें व्हर्जिनियांत गुलामहि जमिनीला जोडून वंशबद्ध करतां येत असत, आणि नव्या कायद्यानें जमिनीबरोबर तेहि बंधमुक्त झाले. मात्र मुक्त झाले ते मालकाला विकण्यापुरते. जुलै महिन्यांत ज्या हातानें मनुष्याचें स्वातंत्र्य अदेय ठरविलें, त्याच हातानें ऑक्टोबरांत मनुष्यांना अधिक सुलभ रीतीनें देय केलें. १८२६ च्या ४ जुलैला, जाहीरनाम्याला बरोबर पन्नास वर्षें झालीं त्या दिवशीं, जेफर्सन वारला. आणि १८२७ च्या जानेवारींत त्याचें कर्ज फेडण्यासाठीं मॉन्टिसेलो येथें जो लिलाव पुकारला गेला त्याच्या जाहिरातींत १३० गुलाम होते. घरांतील सामानसुमान व जनावरें यांच्याच यादींत तीं माणसें होतीं. ‘एलिएनेशन’ या शब्दाचा याहून उघडा अर्थ कोणत्याहि कोशांत सांपडणार नाहीं.

तथापि हा शब्द केवळ ढोंगाचा साक्षीदार राहिला, असें म्हणणें इतिहासाला धरून होणार नाहीं. ज्यांना उद्देशून तो लिहिला नव्हता त्यांनीं तो लौकरच उचलला. १७७७ च्या जानेवारींत मॅसॅच्युसेट्सच्या कांहीं कृष्णवर्णी रहिवाशांनीं, ज्यांत प्रिन्स हॉल हा प्रमुख होता, कायदेमंडळाकडे गुलामगिरी बंद करण्यासाठीं अर्ज केला. त्यांत हा शब्द आहे. मात्र लिहिणाऱ्याच्या हातून मधलीं अक्षरें गळून तो ‘अनेलिएबल’ असा झाला आहे. शुद्धलेखन चुकलें, अर्थ चुकला नाहीं. जाहीरनाम्यावर सही करणाऱ्या विद्वानांपैकीं कित्येकांचें याच्या उलट झालें होतें.

पुढें १७८० सालीं त्याच राज्याची नवी घटना झाली. तिचा मुख्य कर्ता जॉन अॅडम्स, आणि तिच्या पहिल्या कलमांत त्याच्या आवडीचें ‘अन्’चें रूप आहे. सर्व मनुष्यें जन्मतः स्वतंत्र व समान असून त्यांना कांहीं नैसर्गिक, आवश्यक व अदेय हक्क आहेत, असा त्याचा आशय. या कलमाचा आधार घेऊन एलिझाबेथ फ्रीमन या निरक्षर दासीनें १७८१ सालीं ग्रेट बॅरिंग्टनच्या कोर्टांत आपल्या धन्यावर दावा लावला, आणि ज्यूरीनें तिच्या बाजूनें निकाल देऊन वर तीस शिलिंग भरपाई देवविली. १७८३ सालीं क्वॉक वॉकर या गुलामाला मारहाण केल्याबद्दल त्याच्या धन्यावर खटला चालला, तेव्हां मुख्य न्यायाधीश कुशिंग यानें गुलामगिरी या घटनेशीं विसंगत असल्याचें ज्यूरीला स्पष्ट सांगितलें. १७९० च्या पहिल्या अमेरिकन शिरगणतींत मॅसॅच्युसेट्सच्या रकान्यांत एकहि गुलाम नोंदलेला नाहीं.

व्हर्जिनियांत नेमकें उलट घडलें. तेथील १७७६ च्या हक्कपत्रांत हें विशेषण नसलें तरी त्याचा अर्थ पुरता आला आहे. मनुष्यें समाजांत प्रवेश करतांना कोणत्याहि करारानें आपल्या संततीला अंगभूत हक्कांपासून वंचित करूं शकत नाहींत, असें तें सांगतें. पण हें ‘समाजांत प्रवेश करतांना’ वालें पोटवाक्य मसुद्यांत मागाहून मुद्दाम घातलेलें होतें. गुलाम समाजाचे घटकच नाहींत, सबब हक्कपत्र त्यांना लागू नाहीं, एवढी पळवाट त्यानें ठेवली. जेफर्सनचा कायद्यांतील गुरु जॉर्ज विथ हा तेथें न्यायाधीश होता. १८०६ च्या एका दाव्यांत त्यानें हक्कपत्राच्या आधारें स्वातंत्र्य हा प्रत्येकाचा जन्मसिद्ध हक्क ठरविला. वरिष्ठ कोर्टानें त्या स्त्रियांना दुसऱ्या कारणावरून मोकळें केलें, पण विथचें हें तत्त्व मात्र साफ नाकारलें. दोन राज्यें, आशय जवळजवळ एकच, आणि फळें परस्परविरुद्ध! शब्दाची शक्ति वाचणाऱ्याच्या धैर्यावर किती अवलंबून असते, याचें हें उत्तम उदाहरण होय.

अखेर १८५७ सालीं ड्रेड स्कॉटच्या खटल्यांत सरन्यायाधीश टॉनी यानें, जाहीरनाम्याचे शब्द सर्व मानवजातीला कवटाळतात असें दिसलें तरी आफ्रिकन वंश त्यांत अभिप्रेत नव्हता, असा निर्णय दिला. त्याला लिंकननें त्याच वर्षीं जूनमध्यें स्प्रिंगफील्ड येथें जें उत्तर दिलें तें आमच्या मतें या विशेषणावरील सर्वोत्तम भाष्य आहे. सर्व मनुष्यें त्या क्षणीं हा हक्क भोगीत होतीं किंवा लगेच भोगूं लागतील, असें कर्त्यांना म्हणावयाचें नव्हतें. त्यांना हक्क केवळ जाहीर करावयाचा होता, म्हणजे परिस्थिति अनुकूल होईल तसतशी त्याची अंमलबजावणी होईल, असा त्याच्या म्हणण्याचा मथितार्थ. ‘एबल’ प्रत्ययाचा शक्यार्थ सोडून अर्हार्थ धरला म्हणजे बेंथमची शंका व टॉनीचा निवाडा, दोहोंचें उत्तर मिळतें. १८६५ च्या तेराव्या दुरुस्तीनें ती अंमलबजावणी कायद्यांत आली; त्यासाठीं मध्यें चार वर्षें रक्त सांडावें लागलें.

यापुढील इतिहास थोडक्यांत सांगतां येईल. फ्रान्सच्या १७८९ च्या हक्कपत्रांत हें विशेषण लॅटिन वळणानें आलें. सेनेका फॉल्स येथील १८४८ च्या सभेंत अमेरिकन स्त्रियांनीं तोच जाहीरनामा आपल्या नांवें पुन्हा लिहिला, तेव्हां त्यांनींहि ‘इन्’चेंच रूप घेतलें. १० डिसेंबर १९४८ रोजीं संयुक्त राष्ट्रांनीं मंजूर केलेल्या मानवी हक्कांच्या घोषणेच्या प्रस्तावनेंत तेंच आहे. मुंबईच्या कायदेमंडळांत पूर्वीं बसलेल्या हंसाबेन मेहता या त्या मसुद्याच्या वेळीं भारताच्या प्रतिनिधि होत्या. पहिल्या कलमांतील सर्व ‘पुरुष’ असा अर्थ निघूं शकणारा इंग्रजी शब्द बदलून त्याजागीं सर्व ‘मानव’ असे शब्द यावेत, हें त्यांच्या आग्रहानें झालें. १७७६ च्या वाक्यांत जी फट राहिली होती तींपैकीं एक अशी बुजविली गेली. जुनें ‘अन्’चें रूप मात्र मरून गेलें नाहीं, १९६३ सालीं वॉशिंग्टनच्या मोर्चांत मार्टिन ल्यूथर किंगनें जाहीरनाम्याची हुंडी वटली नसल्याचें सांगतांना चर्मपत्रावरील तेंच रूप उच्चारलें.

या विशेषणाला मराठींत काय म्हणावें? ‘अहार्य’ म्हटलें तर चोराचा बंदोबस्त होतो, धन्याचा होत नाहीं. ‘अविच्छेद्य’ हा शब्द भारदस्त आहे, पण त्यांत देण्याघेण्याची कल्पनाच नाहीं. ‘अहस्तांतरणीय’ हा अर्थानें नेमका असला तरी त्याला मामलेदार कचेरीचा वास येतो. आमच्या मतें ‘अदेय’ हा जुना शब्दच सर्वांत योग्य. नारदस्मृतींत दानाचा विचार करतांना अदेय वस्तु आठ सांगितल्या आहेत. त्यांत दुसऱ्याची ठेव, सामाईक धन यांबरोबरच पुत्र व पत्नी हींहि आहेत, आणि कितीहि आपत्ति आली तरी हीं देऊं नयेत अशी आज्ञा आहे. मीमांसकांनींहि विश्वजित् यागांतील सर्वस्वदानाची चर्चा करतांना मातापिता हे ‘स्व’ नव्हेत, म्हणून ते देतां येत नाहींत, असा निर्णय केला आहे. तथापि यावरून आमच्याकडे सर्व कांहीं पूर्वींच होतें असा पोकळ अभिमान कोणी धरूं नये. त्याच नारदानें गुलामांचे पंधरा प्रकार सांगितले असून त्यांत स्वतःला विकणाराहि आहे. त्याला तो अधम म्हणतो, पण त्याची विक्री रद्द ठरवीत नाहीं. पुत्र अदेय होता. स्वतःचा देह मात्र देय राहिला. लॉकनें व हचिसननें जी पायरी चढली ती आमच्या शास्त्रकारांनीं चढली नव्हती.

व्यवहारांत तर पुत्रहि अदेय राहिला नाहीं. सावकाराच्या कर्जापायीं बापानें मुलाचे श्रम गहाण ठेवण्याची चाल इतकी रूढ होती कीं, असे करार रद्द ठरविण्यासाठीं १९३३ सालीं स्वतंत्र कायदा करावा लागला. आणि वेठबिगारीची पद्धति सर्वस्वीं मोडण्याचा कायदा झाला तो १९७६ सालीं, अमेरिकन जाहीरनाम्याला बरोबर दोनशें वर्षें झाल्यावर. या मुलांना कोणी पळवून नेलें नव्हतें. अंगठा उठवून, कबुलीनें, तीं दिलीं गेलीं होतीं. ‘हिरावून घेऊं नये’ एवढाच हक्काचा अर्थ घेणाऱ्या कायद्याला येथें बोलण्यास जागाच राहत नाहीं.

आपल्या राज्यघटनेंतील मूलभूत हक्कांच्या भागांत इंग्रजीचें हें विशेषण नाहीं. परंतु त्याचा अर्थ तींत आहे, असें सर्वोच्च न्यायालयानें मुंबईच्या पदपथांवर राहणाऱ्या गरिबांच्या खटल्यांत १९८५ सालीं दाखवून दिलें. त्या लोकांच्या वतीनें पूर्वीं उच्च न्यायालयांत अशी कबुली दिली गेली होती कीं, पदपथावर झोंपडी बांधण्याचा मूलभूत हक्क आपण सांगत नाहीं. महापालिकेनें ती कबुली पुढें केली. न्यायालयानें उत्तर दिलें कीं, मूलभूत हक्क कोणाच्या कबुलीनें बुडत नाहींत. ते केवळ त्या व्यक्तीच्या सोयीसाठीं नसून साऱ्या समाजाच्या हितासाठीं आहेत, म्हणून ते सोडून देणें व्यक्तीच्या हातीं नाहीं. खटल्याच्या अखेरीस त्या लोकांच्या झोंपड्या वांचल्या नाहींत. पावसाळा संपेपर्यंतची मुदत तेवढी मिळाली. पण त्यांची कबुली त्यांच्याविरुद्ध वापरतां आली नाहीं, आणि प्राणधारणाच्या हक्कांत उपजीविकेचा हक्क येतो, हें तत्त्व त्यांच्यामुळें कायम झालें.

अडलेला मनुष्य काय लिहून देणार नाहीं? भुकेनें, भयानें किंवा अज्ञानानें तो कशावरहि अंगठा उठवील. त्या कागदाच्या आधारें त्याच्यावर राज्य करणारे ग्रोशियसच्या काळीं होते, मॉन्टिसेलोच्या लिलावांत होते, आणि आमच्या गांवोगांवच्या सावकारी चोपड्यांतहि होते. त्या कागदापुरता तरी त्याचा हात धरावा, एवढेंच काम या नकाराला करावयाचें आहे.